वटवट्याची ओळखपरेड

आधीच सांगून ठेवते, मी भांडखोर नाही. मला राग येतो, आणि आला की मी तो आत कोंडून ठेवत नाही, एवढंच. शिवाय तो काही कुणावरही येत नाही. तो येतो आमच्या ह्यांच्यावर, आणि ह्यांच्याबरोबर संसार करून ज्या बाईला राग येणार नाही, तिची नाडी एकदा तपासून घ्यावी.

हे संग्रहालयात पक्ष्यांच्या खोलीत कामाला. पक्षी म्हणजे मेलेले. पोटात कापूस, पायाला चिठ्ठी, आणि लाकडी खणांत ओळीने उताणे निजवलेले. त्या खोलीला डांबरगोळ्यांचा वास येतो, तोच ह्यांच्या शर्टांना येतो, आणि शर्ट माझ्या साड्यांशेजारी टांगलेले असतात, तेव्हा लग्नकार्यात लोक माझ्याजवळ बसल्यावर नाक का मुरडतात हे मला फार उशिरा कळलं.

त्या सगळ्या पक्ष्यांत ह्यांचा जीव एकाच पक्ष्यावर. वटवट्या. नाव ऐकून हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, माझ्या माहेरच्यांचं कधीच हसून झालंय. अंगठ्याएवढा जीव. हिरवट पाठ, मळकट पोट, डोळ्यावर फिकट भुवई. दिवसभर पानांमागच्या माश्या आणि अळ्या टिपत फिरतो आणि फिरता फिरता गातो. असे वटवटे जगात ढीगभर जातींचे, आणि सगळे एकाला झाकावं नि दुसऱ्याला काढावं असे. ह्यांचं म्हणणं एवढंच की पाणी शुद्ध करायच्या कारखान्यामागे जी लव्हाळी माजली आहे, तिच्यातला वटवट्या बागेतल्या साध्या वटवट्याहून वेगळा आहे. वेगळा म्हणजे कसा? तर पंखातलं दुसरं पीस पाचव्यापेक्षा केसभर तोकडं. केसभर म्हणजे अगदी केसभर. त्यांनी माझ्या डोक्यातला एक केस उपटून लावून बघितला होता. विचारलंसुद्धा नाही.

आता एखादी जात वेगळी की नाही, हे एक समिती ठरवते. समितीचे अध्यक्ष ह्यांचे सख्खे मोठे भाऊ. भाऊजींना वेगळं काही सोसतच नाही. आम्ही वेगळी चूल मांडली त्याला किती वर्षं झाली, तरी भेटले की विचारतात, "मग, परत कधी येताय?" पायात एक मोजा निळा, एक तपकिरी, विचारलं तर म्हणतात, मोजा तो मोजा. समितीवर बसल्यापासून त्यांनी इतक्या जाती एकमेकींत मिसळून टाकल्या की संग्रहालयातले निम्मे खण रिकामे पडले. एका खणात ते स्वतःचा जेवणाचा डबा ठेवतात.

आमचे हे त्यांच्यासमोर तोंड उघडत नाहीत. पण वटवट्याचा हट्ट काही सोडला नाही. आयुष्यात केलेला एकमेव हट्ट. बरं, वेळही उरला नव्हता. लवकरच हे निवृत्त होणार, आणि त्याआधी जात मान्य झाली नाही तर ह्यांचा वटवट्यांचा छोटा खण बागेतल्या वटवट्यांच्या मोठ्या खणात उलटा करायचा, असा भाऊजींचा हुकूम होता. एकदा उलटा केला की कुठला कोणता हे ब्रह्मदेवालाही सांगता आलं नसतं. त्या दिवशी हे घरी येऊन जेवताना पाण्याऐवजी दोनदा आमटीच प्यायले. मी मनात म्हटलं, होऊ दे बाई ह्यांच्या मनासारखं एकदा.

पण मनात असं म्हणून आठवडाही उलटला नसेल, हे घराच्या दोन्ही किल्ल्या खिशात घालून लव्हाळीत जाऊन बसले.

मी दाराबाहेर. हातात भाजी, दूध, आणि वाण्याकडून आणलेलं तेल. थेट पाण्याच्या कारखान्यापर्यंत चालत गेले. मागच्या चिखलात एक चप्पल रुतली ती रुतलीच. तशीच एका पायाने चप्पल वाजवत पुढे गेले, तर हे घडीच्या स्टुलावर बसून दुर्बिणीतून पानं बघतायत. झालं! माझ्या तोंडाचा पट्टा सुटला. किल्ल्यांपासून सुरू झाले, चपलेवर आले, तिथून मागच्या खोलीच्या गळतीवर, तिथून ह्यांच्या आत्यावर. हे नेहमीसारखे उभे राहिले. मान खाली, डोळे अर्धे मिटलेले, ओठांचा चंबू. गरीब गाय नुसती.

आणि लव्हाळीतून तो वर आला. माझ्यापासून हातभर अंतरावर एका काडीच्या शेंड्याला लटकला, छाती फुगवली आणि गायला लागला. मग दुसरा आला. मग आणखी दोन. ज्यांच्या शेपटीपलीकडे ह्यांना कधी काही दिसलं नव्हतं, ते पक्षी समोर बसून मैफल करत होते.

मी दम घ्यायला थांबले. पक्षी खाली गेले.

"अगं, थांबू नकोस," हे कुजबुजले. "पुढे बोल."

"पुढे बोल? पुढे बोल म्हणजे काय?"

"किल्ल्यांबद्दल आणखी काही नाही का?"

होतं. भरपूर होतं. पक्षी पुन्हा वर आले.

त्यानंतर आमच्या घरात जे सुरू झालं त्याला हे संशोधन म्हणतात. मला त्यांनी बागेत नेलं आणि तिथे, साध्या वटवट्यांच्या झाडाखाली, मला राग आणला. म्हणजे माझा चष्मा त्यांनी पुस्तकात खूण म्हणून घातला होता, काडी मोडली होती, आणि हे त्यांनी मला तिथे सांगितलं. मी बोलले. एकही वटवट्या हलला नाही. माणसं मात्र जमली, आणि एका अनोळखी बाईने माझा हात धरून सांगितलं, "ताई, सोडून द्या त्याला, पोट भरायला तुम्हाला कुठेही काम मिळेल." मग माझा राग टेपवर घेतला, अगदी माझ्या तोंडाला यंत्र लावून, आणि तो लव्हाळीत वाजवला. पक्षी ढिम्म. लांब कुठेतरी एक कुत्रं रडलं. मग मी रागाच्या आवाजात वर्तमानपत्रातला हवामानाचा अंदाज वाचला, हे दुर्बीण लावून बसले. काही नाही. मग नळ दुरुस्त करणाऱ्याला लव्हाळीत बोलावून घेतलं आणि त्याला त्याच्या कामाबद्दल माझं खरं मत ऐकवलं. पक्षी नाही आले, पण दुसऱ्या दिवशी नळ ठीक झाला. शेवटी जाऊबाईंना आणलं. त्या बिचाऱ्या जन्मात कुणावर आवाज चढवलेल्या नाहीत. ह्यांच्यासमोर उभ्या राहून म्हणाल्या, "भाऊजी, किल्ल्या नेत जाऊ नका हं." मग पदराने घाम पुसला आणि दोन दिवस अंथरुणात पडल्या.

थोडक्यात काय, लव्हाळीतल्या वटवट्याला फक्त माझा राग लागत होता, तोही खरा, तोही ताजा, आणि तोही ह्यांच्यावरचा. बागेतल्याला त्याचं काही नाही. ह्यांनी समितीला तसं कळवून टाकलं: सदर पक्षी निवेदकाच्या पत्नीच्या खऱ्या रागाला गाऊन उत्तर देतो, साधा वटवट्या देत नाही, सबब जात वेगळी. मी वाचलं आणि म्हटलं, हे "खऱ्या" फार छान लिहिलंय.

भाऊजी म्हणाले, "येऊन बघतो. पण दोनदा झालं पाहिजे, लागोपाठ. एकदा झालं तर योगायोग."

आणि इथेच घात झाला. मला राग येईना!

कारण हे सुधारले. आनंदाने माणूस किती बिघडतो बघा. किल्ल्या खुंटीवर. ओला टॉवेल दोरीवर. सकाळी उठते तर माझ्या आधी उठून चहा ठेवलेला, आणि तो चहा चांगला. मी काळजीत पडले. म्हटलं, अहो, परीक्षा जवळ आली, काहीतरी करा. ते म्हणाले, बरं. संध्याकाळी खोलीत गेले तर टॉवेल पलंगावर, आणि हे दाराशी उभे राहून आशेने बघतायत. "आला का?" मला हसू फुटलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी माझ्या भावाला नावं ठेवून बघितली, पण नावं ठेवताना मधेच म्हणाले, "तसा माणूस वाईट नाही तो." असल्या माणसावर कुणी काय रागवायचं?

परीक्षेच्या दिवशी सकाळी आम्ही चौघं लव्हाळीत उभे. मी, हे, भाऊजी, आणि समितीतल्या मापबाई. मापबाईंना सगळे मापबाईच म्हणतात. गळ्यात पितळी कंपास, पिसापासून पायरीपर्यंत दिसेल ते मोजत जातात. आल्या आल्या त्यांनी माझ्या तोंडापासून लव्हाळीपर्यंतचं अंतर मोजलं, मग ह्यांच्या डोक्यापासून मोजलं, आणि ह्यांच्या खांद्याला खांदा लावून उभ्या राहिल्या. भाऊजींनी पेन काढलं.

"हं," ते म्हणाले. "रागाव."

मी ह्यांच्याकडे बघितलं. नवा शर्ट घातला होता. स्वतः इस्त्री केली होती; कॉलर एका बाजूला कुत्र्याच्या कानासारखी दुमडलेली. माझा जीव इतका गलबलला की मला रडूच यायला लागलं. राग कुठून आणू?

तरी मी प्रयत्न केला. "किल्ल्या!" मी ओरडले. "किल्ल्या नेता म्हणजे काय!" हे दुर्बीण लावून लव्हाळीकडे डोळे फाडून बघत राहिले. लव्हाळी जशीच्या तशी. "चष्मा!" मी म्हटलं. "आत्या!" काही नाही. एक माशी उडत गेली, तिला खायलासुद्धा कुणी वर आलं नाही.

भाऊजींनी घड्याळ बघितलं. "झालं ना? लिहू का एकच जात?"

आणि आमचे हे, ह्यांनी ज्या पक्ष्यापायी माझी अर्धी जिंदगी चिखलात घातली ते हे, दुर्बीण खाली करून म्हणाले, "लिही दादा. एकच असेल. माझंच काहीतरी चुकलं असेल."

माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली म्हणता!

"तुमचं चुकलं?" मी म्हटलं. "आता आठवलं चुकलं ते? माझ्या डोक्यावरचे केस उपटताना नाही आठवलं? बागेत माझी शोभा केलीत तेव्हा नाही आठवलं? आणि ते बघा, एक मोजा निळा नि एक तपकिरी घालणारा माणूस सांगणार तुम्हाला वेगळं काय नि एक काय, आणि तुम्ही माना डोलावणार! काही कणा आहे की तिथेपण कापूसच भरलाय?"

ह्यांची मान खाली गेली. डोळे मिटले. ओठांचा चंबू झाला. आणि लव्हाळीतून एक वटवट्या वर आला, मग दुसरा, मग बघता बघता इतके आले की काड्या वाकल्या. सगळे माना वर करून गात होते. भाऊजींचं पेन हातातून चिखलात पडलं. "अरेच्चा," ते म्हणाले. एवढंच म्हणाले, पण ह्यांच्यासाठी तो शब्द म्हणजे सत्कारच होता.

मी बोलतच होते. तेवढ्यात मापबाई "शूऽऽ" म्हणाल्या. मला वाटलं मला म्हणाल्या, म्हणून मी आवाज चढवला. पण त्या ह्यांच्या तोंडाजवळ कान नेऊन उभ्या होत्या. मग त्यांनी सरळ आपला तळहात ह्यांच्या ओठांवर दाबला.

पक्षी थांबले. मी चालू होते, पण पक्षी थांबले.

मापबाईंनी हात काढला. पक्षी पुन्हा गायला लागले. हात ठेवला, थांबले. काढला, लागले. नळ बंद करावा आणि सोडावा तसं.

"ह्या बाईंचा इथे काही संबंध नाही," मापबाई म्हणाल्या. "हे गृहस्थ शिट्टी वाजवतात. अगदी बारीक, दातांमधून. आणि हुबेहूब ह्याच पक्ष्याची. ह्या बाई खऱ्या रागावल्या की हे वाजतात, हे वाजले की पक्षी उत्तर देतात. बागेतला पक्षी ह्या शिट्टीला ओळख देत नाही. छान आहे. रागापेक्षा शिट्टी मोजायला सोपी."

"शिट्टी?" हे डोळे उघडून म्हणाले. "मी? मला शिट्टी येतच नाही." आणि त्यांनी वाजवून दाखवली. नुसती हवा गेली.

"आत्ता नाही येणार," मापबाई म्हणाल्या. "आत्ता तुम्ही ऐकताय. ह्या बोलायला लागल्या की तुम्ही ऐकत नाही, तेव्हा आपोआप येते. लहानपणीची खोड असते अशी. दुसरी खेप घेऊ या. एवढी पार पडली की तुमची जात वेगळी, मी सही करते."

भाऊजीसुद्धा मान हलवत होते. सगळं ह्यांच्या पदरात पडलं होतं. मला फक्त पुन्हा रागवायचं होतं, आणि राग म्हणाल तर आता माझ्या नखापासून केसापर्यंत भरला होता. फक्त तो पहिल्यासारखा नव्हता.

"म्हणजे," मी म्हटलं, "लग्न झाल्यापासून मी जे जे बोलले, ते..."

"उत्तम," मापबाई म्हणाल्या. "चालू ठेवा."

"मी बोलायचे आणि तुम्ही इथे यायचात? ह्या चिखलात? मी तुमच्यासमोर उभी, आणि तुम्ही इथे? आईला दवाखान्यात नेलं, मी रात्रभर तिच्याजवळ बसून सकाळी घरी आले, तुम्ही दाराला आतून कडी घालून झोपला होता. तेव्हा मी बोलले ना? केवढं बोलले! तेव्हापण वाजवत होता?"

मी लव्हाळीकडे बघितलं. कुणी वर आलेलं नव्हतं.

ह्यांच्याकडे बघितलं. ह्यांची मान खाली नव्हती. ते माझ्याकडे बघत होते, आणि तोंड अर्धवट उघडं होतं, चंबू वगैरे काही नाही.

"तेव्हा तू कडीबद्दल बोलत होतीस," ते म्हणाले.

"सुरुवात कडीची होती! माझी सुरुवात कडीचीच असते! तेवढंच ऐकलंत तुम्ही? पुढचं?"

"पुढचं नाही माहीत," ते हळूच म्हणाले.

भाऊजींनी चिखलातून पेन उचलून शर्टाला पुसलं. "पक्षी नाहीत," ते म्हणाले. मापबाईंनी ह्यांच्या ओठांकडे बघून नकारार्थी मान हलवली. मग माझ्या लक्षात आलं काय चाललंय. हातातोंडाशी आलेला घास चालला होता. ह्यांचा खण, ह्यांचा तो एकुलता एक हट्ट.

"अहो," मी म्हटलं, "मान खाली घाला. डोळे मिटा. नेहमीसारखं करा हो. ऐकू नका माझं, आपण घरी गेल्यावर बोलू. अहो, तुमच्या पाया पडते, शिट्टी वाजवा!"

ह्यांनी मान खाली घातली नाही.

"दादा," ते म्हणाले, "एकच लिही."

"नक्की?" भाऊजींनी विचारलं. त्यांचासुद्धा हात अडखळला होता.

"लिही, आणि तुम्ही दोघं निघा आता. हिचं बोलणं अर्धवट राहिलंय."

भाऊजींनी लिहिलं. मापबाईंनी कंपास मिटून गळ्यात टाकला. दोघं चिखलातून पाय उचलत कारखान्याच्या बाजूला निघून गेले. ह्यांनी घडीचं स्टूल उघडलं, रुमालाने पुसलं आणि माझ्यासाठी सपाट जागा बघून ठेवलं. स्वतः खाली चिखलात बसले, नव्या शर्टासकट.

"दवाखान्यातून आलीस," ते म्हणाले. "कडी होती. मग?"

मी बसले आणि सांगायला लागले. ओरडून सुरुवात केली, मग ओरडायची गरज वाटेना. बराच वेळ सांगत होते. तेवढ्या वेळात लव्हाळीतून एकही पक्षी वर आला नाही.